रँचवरचं रोजचं काम, मूकपटात: प्रकल्प नोंदी

9 जून

कार्यक्रमाचं नाव अजून ठरलेलं नाही, हद्द मात्र ठरली. अमेरिकेतल्या रँचवरचं, म्हणजे गुरं पाळण्याच्या अफाट मळ्यावरचं काम दाखवणारे 1894 ते 1922 या काळातले मूकपट, एकूण पाऊण तास. सोबत मराठी निवेदन आणि पडद्याशेजारी बसून वाजवलेलं संगीत. कथापट नकोत. आगगाडीवरचा दरोडा, घोड्यांवरचा पाठलाग, शेवटी गोळीबार, हे सगळ्यांनी पोटभर पाहिलेलं आहे. आम्हाला हवंय वासरू पकडणं, डाग देणं, नदीतून कळप उतरवणं, दोर वळणं.

मंडळाच्या बैठकीत सरळ प्रश्न आला, "हे बघायला येणार कोण?" माझं उत्तर असं की पुण्यात सिनेमा शिकणारी पोरं येतील आणि आटपाडीकडे खिल्लार सांभाळणारे येतील. दोघांना एकच गोष्ट दिसणार नाही, आणि मला तेच हवंय.

हाताशी आहे ते असं: एडिसन कंपनीचा 1894 चा 'बकिंग ब्रॉंको'. त्याच कंपनीचे 1898 चे तीन तुकडे: 'काफ ब्रँडिंग', 'लॅसोइंग स्टीअर' आणि 'कॅटल फोर्डिंग स्ट्रीम'. शिकागोच्या सेलिग पॉलिस्कोपचा 1910 चा 'रँच लाइफ इन द ग्रेट साउथवेस्ट'. 1917 चा 'हाऊ द काउबॉय मेक्स हिज लॅरिएट'. आणि 1922 च्या 'द बुल-डॉगर'चे उरलेले तुकडे. इतके जुने पट आता हक्कमुक्त आहेत, त्यामुळे तो कटकटीचा भाग सुटला.

नोंदवहीत दोन रकाने आखले: 'काम' आणि 'तमाशा'. एकेक शॉट बघायचा आणि कुठल्या तरी एका रकान्यात टाकायचा. रँचवर रोज होणारी गोष्ट कॅमेऱ्यानं टिपली असेल तर काम, कॅमेऱ्यासाठी मुद्दाम मांडली असेल तर तमाशा.

12 जून

1898 चे हे एवढेसे तुकडे, प्रत्येकी मिनिटभराचेही नाहीत, आज आपल्यापर्यंत का पोचले हे निवेदनात सांगायलाच हवं. कारण ती गोष्टच मजेशीर आहे.

1912 पर्यंत अमेरिकेच्या कॉपीराइट कायद्याला चलच्चित्र नावाची वस्तू ठाऊकच नव्हती. फोटोचा हक्क मात्र नोंदवता यायचा. मग कंपन्यांनी शक्कल लढवली. अख्खी फिल्म, एकही फ्रेम न गाळता, फोटोच्या कागदाच्या लांबच लांब पट्टीवर छापायची आणि ती गुंडाळी वॉशिंग्टनच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये जमा करायची. कायद्याच्या लेखी तो फोटो. ऑगस्ट 1912 मध्ये कायदा बदलला, चलच्चित्राला स्वतःची नोंद मिळाली आणि कागद जमा करण्याची गरज संपली.

मूळ फिल्म नायट्रेटची. ती पेटते, चिकट होते, शेवटी डब्यातल्या डब्यात तिची भुकटी होते. शिवाय जुन्या फिल्मची किंमत कुणालाच नव्हती. कागद मात्र टिकला. तीन हजारांहून जास्त पट केवळ कागदावर असल्यामुळे वाचले. केम्प नायव्हर नावाच्या माणसानं 1950 च्या दशकात हे कागद एकेक फ्रेम करत पुन्हा 16 मिलिमीटर फिल्मवर उतरवायला घेतले. त्या पद्धतीसाठी त्याला 1955 मध्ये मानद ऑस्कर मिळालं.

यातला विनोद असा की 1912 ते 1929 मधल्या मोठ्या अमेरिकन मूकपटांपैकी मूळ स्वरूपात पूर्ण शिल्लक आहेत जेमतेम 14 टक्के. हा लायब्ररी ऑफ काँग्रेसनंच 2013 मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाहणीचा आकडा. म्हणजे लाखो डॉलर ओतून केलेले महापट गेले आणि वासराला डाग देणारी, नाव-गाव नसलेली माणसं राहिली. आपल्याकडे 1899 मध्ये सावे दादांनी मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती चित्रित केली, एडिसनच्या या तुकड्यांनंतर वर्षभरात. ती कुस्ती आज बघायला मिळत नाही.

कागदावरून परत उतरवल्यामुळे चित्र थरथरतं, कडा पांढुरक्या पडतात. थरथर सॉफ्टवेअरनं बरीच थांबवता येते. सगळी थांबवली तर चित्र मेल्यासारखं दिसतं, म्हणून थोडी ठेवणार.

18 जून

'बकिंग ब्रॉंको'. 16 ऑक्टोबर 1894. जागा: न्यू जर्सीतल्या वेस्ट ऑरेंजमध्ये एडिसनची प्रयोगशाळा. रँचचा पत्ता नाही, जवळपास गवताळ मैदान नाही. बफेलो बिलच्या 'वाइल्ड वेस्ट' खेळातली मंडळी तिथे आणली होती. एरवी चित्रीकरण व्हायचं ते ब्लॅक मारिया नावाच्या काळ्या डांबरी कागदाच्या खोपटात. उधळणारा घोडा खोपटात कसा मावणार? म्हणून कॅमेरा बाहेर काढला आणि अंगणात कुंपण घातलं. स्वार ली मार्टिन. घोड्याचं नाव सनफिश. कुंपणाच्या वरच्या आडव्या दांडीवर उभा राहून फ्रँक हॅमिट पिस्तुलातून बार काढतोय. कुंपणापलीकडे बघ्यांची रांग.

रकाना: तमाशा. यात वादच नाही. घोडा सरावायचा असेल तर त्याच्या कानाशी पिस्तूल कोण वाजवेल?

तरी हा शॉट काढवत नाही. घोड्याची पाठ कमानीसारखी वर येते, चारी पाय एकदम सुटतात आणि स्वाराचं डोकं मागे हिसकतं, ते काही ठरवून होत नाही. शिवाय हा पट पडद्यावर दाखवण्यासाठी केलेलाच नव्हता. किनेटोस्कोपच्या पेटीत वाकून, भोकाला डोळा लावून, एका वेळी एकानं बघायचा. दोनशे माणसांच्या सभागृहात आम्ही तो लावणार, हाही एक तमाशाच.

हलगीवाल्याला दाखवला. त्यानं दुसऱ्यांदा बघताना बोटांनी मांडीवर ठेका धरला. मला पुढे काही सांगावं लागलं नाही.

25 जून

आज दिवसभर फक्त 'काफ ब्रँडिंग'. फ्रेम पुढे, फ्रेम मागे.

आधी काम काय असतं ते नीट लिहून ठेवतो. निवेदकाला यातलं निम्मंच बोलायचं आहे, पण माहीत सगळं हवं. वसंतात कळप गोळा करायचा. वासरू आईच्या मागे असतं, तेव्हाच ते कुणाचं हे कळतं. आईच्या अंगावर जो डाग, तोच त्याला. घोड्यावरचा गडी कळपात हळू शिरतो, गडबड न करता फास टाकतो आणि वासराला ओढत आगटीपाशी आणतो. तिथे दोघं तयार असतात. एक जण वासराच्या मानेवर गुडघा टेकून पुढचा पाय दुमडून धरतो. दुसरा मागे जमिनीवर बसतो, वरचा मागचा पाय दोन्ही हातांनी छातीशी ओढतो आणि आपल्या बुटाची टाच खालच्या पायाला लावून तो पुढे रेटतो. एवढं केलं की वासराला लाथ मारता येत नाही. मग लोखंड.

लोखंड लालबुंद नको. लाल लोखंडानं केस पेट घेतात, कातडी फाटते, डाग पसरतो आणि वर्षभरानं वाचता येत नाही. राखेच्या रंगाचं तापलेलं लोखंड हवं. ते टेकवायचं, किंचित हलवत दाबायचं आणि उचलायचं. काही सेकंदांचा मामला. त्याच बैठकीत कानाला खूण कापतात आणि नर असेल तर खच्ची करतात. 

डागांची स्वतःची वाचनपद्धत आहे. डावीकडून उजवीकडे, वरून खाली, बाहेरून आत. अक्षर आडवं पडलं असेल तर ते 'आळशी', खाली झोक्यासारखी कमान असेल तर 'डुलणारं', पंख काढले असतील तर 'उडतं'. प्रत्येक डाग सरकारदरबारी नोंदलेला असायचा, आणि डागांची छापील पुस्तकं निघायची. हे निवेदनात घेणार, पोरांना आवडेल.

आता शॉट. कॅमेरा तिपाईवर ठोकल्यासारखा, इकडे-तिकडे वळत नाही. त्यामुळे काम चौकटीच्या आत-बाहेर होत राहतं आणि त्याची कॅमेऱ्याला पर्वा नाही. पुढच्या काळात दिग्दर्शक सांगायचे, बाबांनो, जरा मध्ये सरका. इथे ते सांगणारं कुणी दिसत नाही. कुणाची तरी पाठ आडवी येते आणि नेमकी मोक्याची गोष्ट झाकली जाते. सिनेमा म्हणून बघाल तर गचाळ. पण मला ही आडवी आलेली पाठ पिस्तूल वाजवणाऱ्या हॅमिटपेक्षा मोलाची वाटते. ज्याला काम उरकायचं आहे तो कॅमेऱ्याला पाठ देणारच.

धूर पांढरा येतो आणि पांढऱ्या आकाशात विरतो. त्या काळची फिल्म निळ्या रंगाला फार संवेदनशील, लालाला जवळजवळ आंधळी. निळं आकाश कोरं पांढरं उमटतं, तांबूस गुरं आणि उन्हानं रापलेले चेहरे काळे पडतात. हेरफर्ड जातीचं जनावर असेल तर अंग काळं आणि तोंड पांढरं फेक. रंगीत करून देणारी हल्लीची सॉफ्टवेअरं एका मित्रानं सुचवली. नको. ते गुराला कुठलाही रंग देतील.

रकाना: काम. पण शेजारी बारीक अक्षरात लिहून ठेवलं: कॅमेरेवाला कुठे उभा राहणार हे कुणी तरी ठरवलंच असेल, आणि आगटी त्याच्यासमोर येईल अशी पेटवली असेल. तरी वासराला डाग खराच बसला.

3 जुलै

वेग. सगळ्यात कंटाळवाणं आणि सगळ्यात गरजेचं.

कॅमेरा हातानं फिरवायचा. सेकंदाला दोन फेरे, फेऱ्याला आठ फ्रेम, म्हणजे 16. हा नियम, पण नियमाप्रमाणे हात चालतोच असं नाही. 1894 चा एडिसनचा कॅमेरा तर विजेवर चालणारा आणि बराच वेगवान, 30 ते 40 च्या घरात. 16 नं टिपलेलं आजच्या 24 च्या वेगात दाखवलं की काउबॉय लगबगीनं तुरुतुरु चालतात आणि लोक हसतात. मूकपट म्हणजे विनोदी, हा गैरसमज निम्मा प्रोजेक्टरच्या वेगामुळे झालाय.

16 चे 24 करायला दर दोन फ्रेमच्या तीन करायच्या, म्हणजे एक फ्रेम एकदा, पुढची दोनदा. प्रश्न इतकाच की मूळ वेग 16 च होता कशावरून? त्यासाठी पडणारी वस्तू शोधायची. दीड मीटरवरून सुटलेल्या वस्तूला जमिनीवर यायला साधारण 0.55 सेकंद लागतात. गुरुत्वाकर्षण 1898 मध्येही तेवढंच होतं. 16 चा वेग असेल तर ते अंतर जवळपास 9 फ्रेममध्ये पार होतं, 20 असेल तर 11. स्वाराच्या डोक्यावरून उडालेली टोपी याला उत्तम. दोराचं मोकळं टोक नाही चालत, ते तरंगतं. धूळ अजिबातच नाही.

1898 चे तिन्ही तुकडे वेगवेगळ्या वेगानं लावणार. 'कॅटल फोर्डिंग स्ट्रीम'मध्ये पाण्याचे शिंतोडे बघून ठरवलं. पाणी जड वाटलं पाहिजे.

11 जुलै

डॉक्टर आले होते. पशुसंवर्धन खात्यातून निवृत्त, सांगली-सोलापूर पट्ट्यात उभी हयात गेलेली. त्यांना सिनेमाची आवड बेताची, म्हणूनच बोलावलं. लॅपटॉपवर 'लॅसोइंग स्टीअर' आणि 'काफ ब्रँडिंग' दाखवले.

"अहो, परत लावा जरा. माणसाकडे नका बघू, घोड्याकडे बघा."

परत लावलं.

"दोराचं एक टोक खोगिराच्या पुढच्या खुंट्याला असतं ना? मग स्वार खाली उतरला की दोर कोण ताणून धरणार? घोडा. पाठीवर कुणी नसताना तो मागे रेलून उभा राहायला हवा. दोर सैल पडला तर पुढे यायचं नाही, मागे सरकायचं. हे जनावराला शिकवणं सोपं नाही. तुम्ही काउबॉय काउबॉय करताय, अर्धी मजुरी घोड्याची आहे."

मी एवढ्यांदा बघूनही घोड्याला वाहन समजत होतो. निवेदनाचा मसुदा या जागी बदलला: आता निवेदक आधी घोड्याकडे बोट दाखवेल.

मग त्यांनी विचारलं, "पण डाग कशाला? आमच्याकडे डागतात ते दुखणं जावं म्हणून. ते बंद करा, बंद करा म्हणून सांगण्यात आमचा जन्म गेला."

सांगितलं की तिथे कुंपणच नव्हतं. मैलोन्‌मैल मोकळं गवताळ रान, त्यात दहा मालकांची गुरं एकत्र चरणार. खुंटा नाही, दावं नाही, संध्याकाळी घरी येणं नाही. खिल्लार बैलाला मालक नावानं हाक मारतो. तिथे हजारो गुरांत नाव कुणाचं आणि कशाला. मालकी कातडीवरच लिहावी लागते. 1874 मध्ये ग्लिडननं काटेरी तारेचं पेटंट घेतलं, रान हळूहळू तुकड्यांत बंदिस्त झालं, आणि 1886-87 च्या हिवाळ्यात उत्तरेकडच्या मैदानात गुरं बर्फात लाखांनी मेली. तिथून पुढे मालक वैरण साठवू लागले, तारा ताणू लागले. एडिसनचा कॅमेरा पोचला तोवर मोकळ्या रानाचा काळ जवळजवळ आटोपला होता. डाग मात्र चालू राहिला.

डॉक्टर खरे खुलले ते गोचिडावरून. टेक्सासचा गुरांचा ताप गोचिडामुळे पसरतो हे थिओबाल्ड स्मिथ आणि किलबोर्न यांनी 1893 मध्ये सिद्ध केलं. गोचिडासारख्या संधिपाद जिवामुळे सस्तन प्राण्याला रोग होतो याचा तो पहिला पक्का पुरावा. "आम्हाला कॉलेजात पहिल्या वर्षाला होतं हे!" 1906 पासून अमेरिकेत सरकारनं गुरांना औषधी पाण्याच्या हौदातून काढण्याची मोहीमच घेतली, आणि त्या पाण्यात असायचं आर्सेनिक. तो हौद आमच्या एकाही पटात नाही. डॉक्टर त्यावर नाराज झाले. "असली कामं सोडून तुम्ही टोप्या मोजत बसलाय."

20 जुलै

'रँच लाइफ इन द ग्रेट साउथवेस्ट', 1910. इथे माझे दोन रकाने मोडायला लागले.

हा पट म्हणवतो माहितीपट. यातली माणसं खरी, त्यांचं कसब खरं. हेन्री ग्रॅमर आणि जॉनी मलिन्स हे दोर टाकण्यातले त्या काळचे नावाजलेले गडी. आणि टॉम मिक्सच्या अगदी सुरुवातीच्या पटांपैकी हा एक. सेलिगनं त्याला घेतलं ते गुरांची व्यवस्था बघायला, नट म्हणून नव्हे. पुढच्या दहा वर्षांत तो जगातला सगळ्यात प्रसिद्ध काउबॉय झाला. जन्म पेन्सिल्वेनियाचा, 1880 चा. टेक्सासशी जन्माचं नातं नाही.

आता रकाना कुठला? पटात दोर टाकण्याची शर्यत आहे. तिच्यात गडी बैलाला फास टाकतो, आडवा पाडतो, तीन पाय बांधतो आणि दोन्ही हात वर करतो. हात वर करणं म्हणजे घड्याळ थांबवा. रँचवर घड्याळ कुठून आलं? तिथे मालकाला उलट सावकाशी हवी. पळवलेल्या गुराचं वजन उतरतं, आणि वजनावरच बाजारात पैसे मिळतात. पाय मोडला तर सगळंच गेलं. म्हणजे हालचाल तीच, दोर तोच, पण घाई उसनी आणलेली.

शेवटी रकाने खोडले आणि एकच प्रश्न लिहिला: या शॉटमध्ये घाई कुणाला आहे? गुराला असेल तर काम, माणसाला असेल तर खेळ. या कसोटीला 'लॅसोइंग स्टीअर'ही पुन्हा तपासावा लागणार.

एक बारकावा निवेदनासाठी. टेक्सासकडचे गडी दोराचं टोक खोगिराच्या खुंट्याला पक्कं बांधून ठेवायचे. दोर मनिला तागाचा, तीस-चाळीस फुटी. कॅलिफोर्नियाकडचे व्हाकेरो, म्हणजे मेक्सिकन परंपरेतले गुराखी, टोक मोकळं ठेवायचे, आणि फास बसल्यावर खुंट्याभोवती वेढे द्यायचे. त्यांचा दोर चामड्याचा, साठ फुटांपर्यंतचा. एकदम हिसका बसला तर तुटणारा, म्हणून वेढ्यातून हळूहळू सोडत ताण घ्यायचा. वेढा देताना अंगठा मध्ये सापडला तर गेलाच. त्या काळच्या कित्येक म्हाताऱ्या व्हाकेरोंचा एखादा अंगठा आखूड असायचा.

28 जुलै

1917 चा दोराचा पट. यात काम करणाऱ्याचं नाव आहे, पेद्रो लेऑन. सगळ्या संग्रहात मला सर्वात आवडलेली तीन-चार मिनिटं हीच. यात कुणीही धावत नाही.

गुराचं कातडं घ्यायचं, भिजवायचं, केस खरवडून काढायचे. मग कडेपासून सुरी लावून गोल गोल आत कापत जायचं, म्हणजे एका कातड्यातून अखंड लांबलचक वादी निघते. वादीची रुंदी हाताच्या अंदाजानं सारखी राखायची. एका जागी बारीक झाली की दोर तिथेच तुटणार. मग चार, सहा किंवा आठ पेड घेऊन वेणी घालायची, ओली असतानाच, घट्ट. शेवटी ताणून वाळवायची आणि चरबी चोळून मऊ करायची.

मंडळातल्या एकाचे वडील मोटेच्या काळातले. नाडा, सोंदूर, वादी, पेड हे सगळे शब्द त्यांच्या तोंडून धडाधड आले. निवेदनात तेच वापरणार. त्यांनी एकच शंका काढली, "आठपेडी करतोय तर मधे गाभा भरतो का?" भरतात, जाड दोर असेल तर.

संगीत: एकटी हार्मोनियम, तीही फक्त सूर धरून. पेटीवाले म्हणाले, "एवढंच?" एवढंच. त्याच्या बोटांवर नजर राहू द्या.

6 ऑगस्ट

जे दिसत नाही त्याची यादी. ही मी कार्यक्रमाच्या पत्रकात छापणार, कारण नाही तर लोकांना वाटेल रँच म्हणजे दोर आणि घोडा.

रात्र नाही. कळपाभोवती दोन-दोन जण पाळीपाळीनं फिरायचे, गुरं बिचकू नयेत म्हणून गुणगुणत. काळोखात ती फिल्म चालतच नव्हती. पहाट नाही, त्याच कारणानं. कुंपणाचे खांब पुरणं नाही, विहिरीची पवनचक्की दुरुस्त करणं नाही, गवत कापणं नाही, खोगिराच्या जखमांवर औषध लावणं नाही. यात न दिसण्यासारखं काही नाही, पण पैसे देऊन कोण बघणार? महिना तीस-चाळीस डॉलरवर राबणाऱ्या माणसाचं बरंचसं आयुष्य या न दिसणाऱ्या कामात जायचं. बायका तर जवळजवळ नाहीतच, आणि रँचवर त्या नव्हत्या असं मुळीच नाही.

स्वयंपाक्याची गाडी मात्र असायला हवी होती. चार्ल्स गुडनाइट या टेक्सासच्या रँचमालकानं 1866 मध्ये लष्कराच्या जुन्या गाडीला मागे खणांचं कपाट बसवून ती बनवली. कपाटाचं झाकण खाली पाडलं की ओटा. पीठ, बीन्स, कॉफी, औषधं, सुई-दोरा, सगळं त्यात. गड्यांचं खरं घर तेच, आणि त्या घरात हुकूम स्वयंपाक्याचा. हे सगळं दिसतं ते स्थिर फोटोंमध्ये. अर्विन स्मिथ या टेक्सासच्या छायाचित्रकारानं 1905 ते 1912 दरम्यान रँचवर राहून, गड्यांबरोबर खाऊन-पिऊन ते टिपले. तो शिल्पकला शिकला होता. म्हणून असेल, पण त्याच्या फोटोत धूळसुद्धा मूर्तीसारखी उभी राहते. फोर्ट वर्थच्या एमन कार्टर संग्रहालयात त्याचा मोठा संग्रह आहे. आम्ही पडद्यावर त्याचे फोटो घेणार नाही. चलच्चित्रातली भोकं फोटोंनी बुजवली की भोकं होती हेच कळत नाही.

14 ऑगस्ट

दोन गोष्टी गाळल्या. 1908 चा 'वुल्फ हंट', ज्यात जॅक ॲबरनॅथी हातांनी जिवंत लांडगा धरतो: अचाट आहे, पण रोजचं काम नाही. आणि याच गुडनाइटनं 1916 मध्ये, ऐंशीच्या घरात असताना, आपल्या रँचवर कायोवा या मूळनिवासी लोकांकडून बायसनची शिकार करवून चित्रित करून घेतली ती फिल्म. ज्यांचं रान गेलं त्यांनाच जुना खेळ पुन्हा मांडायला लावलं, यावर स्वतंत्र कार्यक्रम करावा लागेल. दोन मिनिटांत उरकायचा विषय नाही तो.

22 ऑगस्ट

'द बुल-डॉगर', 1922. पूर्ण पट हरवला, तुकडे राहिले. निर्माता रिचर्ड नॉर्मन. त्याची फ्लोरिडातली कंपनी कृष्णवर्णीय प्रेक्षकांसाठी कृष्णवर्णीय कलाकारांचे पट करायची. नायक म्हणजे स्वतः बिल पिकेट, टेक्सासात 1870 मध्ये जन्मलेला, ओक्लाहोमातल्या मिलर बंधूंच्या 101 रँचचा गडी.

बुलडॉगिंग म्हणजे धावत्या घोड्यावरून बैलाच्या शिंगांवर झेप घ्यायची, टाचा मातीत रोवायच्या आणि मान पिळून त्याला आडवा करायचा. पिकेटची खासियत अशी की तो बैलाचा वरचा ओठ दातांत धरायचा. शिकारी कुत्री गुराला तशीच काबूत आणतात, ते बघून त्यानं हे उचललं. आजच्या रोडिओत, म्हणजे काउबॉयी कसबांच्या स्पर्धांत, हा प्रकार रुळलेला आहे, अर्थात दात वगळून. आणि याला दोर लागत नाही. दाट झुडपांच्या रानात फास टाकायला जागा नसते, तिथे असलं काही तरी करावंच लागायचं.

घाईच्या कसोटीवर हा शंभर टक्के खेळ. तरी कार्यक्रमाचा शेवट यानंच. इतिहासकारांचा अंदाज आहे की जुन्या काळच्या कळपांबरोबर चालणाऱ्या गड्यांत चारातला एक जण कृष्णवर्णीय होता, आणि मेक्सिकन व्हाकेरो तर या सगळ्या धंद्याचे गुरूच. खोगीर, दोर, वेढा, सगळं त्यांचं. हॉलीवूडच्या कथापटांनी पुढे हे चेहरे पुसून टाकले. आमच्या पाऊण तासात लेऑन आणि पिकेट यांची नावं पडद्यावर मोठ्या अक्षरात येतील. टॉम मिक्सचं लहान अक्षरात आलं तरी त्याला काही कमी पडणार नाही.

शीर्षकपट्टीवर पिकेटचं मरणही घालावं का, यावर चर्चा झाली. 1932 मध्ये एका घोड्याच्या लाथेनं तो गेला. बैलाशी आयुष्यभर झुंजून शेवटी घोडा. पट्टीवर नको, निवेदक सांगेल.

30 ऑगस्ट

क्रम पक्का: 1894 चा तमाशा आधी, हलगीसह, म्हणजे मंडळी खुर्च्यांत स्थिरावतील. मग नदी, फास, डाग, दोर, शर्यत, पिकेट. डागाच्या वेळी संगीत बंद, निवेदकही गप्प. दारावर सूचना लावायची: जनावराला डाग देण्याचं दृश्य आहे, लहान मुलांना आणताना विचार करा.

उरलेलं काम: पत्रकातले आकडे पुन्हा तपासणं, आटपाडीला जनरेटर, पडद्याचं कापड इस्त्री. हलगीवाल्याला पिकेटसाठीही वाजवायचंय. वाजवू दे, पण बैल पडल्यावर लगेच थांबायचं.

डॉक्टर आटपाडीला येणार आहेत. त्यांची अट एकच: 'काफ ब्रँडिंग' तिथे दोनदा लावायचा, दुसऱ्या वेळी निवेदन त्यांचं, आणि सुरुवात घोड्यापासून. मान्य केलं. गोचिडावर बोलायला त्यांनी दहा मिनिटं मागितली होती, पाचावर तडजोड झाली.